गेम भरून मिळेल : एका खटपटीची कुळकथा

प्लेस्टेशन टूचा डिस्कचा खण रिकामा ठेवायचा, पुढच्या यूएसबीच्या खाचेत पेनड्राइव्ह लावायचा आणि टीव्हीवर आलेल्या यादीतून 'सॅन अँड्रियास' किंवा 'क्रिकेट ०७' निवडून खेळायला बसायचं. आज या प्रकाराचं कुणाला नवल वाटत नाही. पण हेच यंत्र २०००मध्ये बाजारात आलं तेव्हा सोनीची खूण नसलेली खेळाची डिस्क ते चालवतच नसे. तिथून इथवर यायला दहाएक वर्षं लागली. या खटपटीच्या कुळात एक जपानी कंपनी आहे, तैवानची कारखानदारी आहे आणि आपल्याकडचं कॅसेट भरून देणारं दुकानही आहे. कुणाच्या अचाट हुशारीतून ती एकदम जन्मलेली नाही. मागच्या पिढीची अडचण पुढच्या पिढीला जन्म देत गेली.

मूळ पुरुष शोधायला गेलं की गाठ पडते ती खुद्द निन्तेंदोशी. त्यांचा फॅमिकॉम हा घरगुती कन्सोल १५ जुलै १९८३ रोजी जपानात आला. त्याचे खेळ कार्ट्रिजमध्ये असत आणि कार्ट्रिजमधली चिप महाग पडे. म्हणून २१ फेब्रुवारी १९८६ रोजी कंपनीनं फॅमिकॉमला जोडायची डिस्क सिस्टिम आणली आणि खेळण्यांच्या दुकानांत 'डिस्क रायटर' नावाची यंत्रं बसवली. गिऱ्हाइकानं आपली जुनी डिस्क न्यायची, ५०० येन द्यायचे. दुकानदार जुना खेळ पुसून त्यावर नवा चढवून देई. नव्या डिस्कवरचा खेळ घ्यायला याच्या साधारण पाचपट पैसे पडत. पुढं चोरीचा धंदा म्हणून ज्याच्यावर छापे पडले, ते या कुळातलं 'गेम भरून मिळेल'चं पहिलं दुकान असं कंपनीनंच थाटलेलं होतं.

दुसरी शाखा तैवानची. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला तिथून 'सुपर वाइल्ड कार्ड'सारखी उपकरणं निघाली. कन्सोलच्या खाचेत ती बसवायची, त्यांच्या डोक्यावर मूळ कार्ट्रिज लावायचं, की आतला खेळ वाचून फ्लॉपीवर उतरे. खेळ प्लास्टिकच्या डबीतून सुटून फाइल झाला तो इथं. फाइल झाल्यावर तिची नक्कल करणं, ती पाठवणं, उतरवून घेणं हे सगळं ओघानंच आलं.

आपल्याकडे त्या काळात 'समुराई', 'लिटिल मास्टर', 'विझकिड' अशा नावांनी फॅमिकॉमच्या जातीची यंत्रं विकली जात. त्यांच्या कार्ट्रिजला सगळे 'कॅसेट'च म्हणत. पिवळ्या कॅसेटवर '९९९९९९९ इन १' छापलेलं असे. आत मोजून काही खेळ असत आणि तेच वेगवेगळ्या नावांनी पुन्हा पुन्हा यादीत येत. यात मोठी करामत नव्हती. 'सुपर मारिओ ब्रदर्स' हा अख्खा खेळ अवघ्या ४० किलोबाइटचा. एका चिपवर असे बरेच खेळ बसत, आणि पाहिजे तो भाग यंत्रासमोर आणणारं छोटं सर्किट शेजारी असे. पण हे सगळं कारखान्यातून पक्कं होऊन येई. घरी किंवा दुकानात त्यात काही भरता येत नसे.

भरायची सवय लागली ती गाण्यांमुळे. मेहकरसारख्या तालुक्याच्या गावी कोरी कॅसेट आणि वहीच्या कागदावर लिहिलेली गाण्यांची यादी दुकानात द्यायची आणि दोन दिवसांनी भरलेली कॅसेट न्यायची, हा रिवाज होता. नंतर सीडी राइट करून मिळू लागल्या, मग मोबाइलची मेमरी कार्डं भरून मिळू लागली. कन्सोलचे खेळ या दुकानात पोचले तेव्हा दुकान, गिऱ्हाईक आणि भावाची घासाघीस तयारच होती.

आता कुलूप आणि किल्लीची बाजू. सोनीचा पहिला प्लेस्टेशन ३ डिसेंबर १९९४ रोजी जपानात आला आणि खेळ सीडीवर गेले. सीडी कुणालाही राइट करता येते. म्हणून सोनीनं मूळ डिस्कच्या आतल्या कडेला, जिथून वाचन सुरू होतं तिथं, खोबणीला मुद्दाम बारीक लचका दिला आणि त्या लचक्यात देशविभागाची खूण दडवली. घरचा सीडी रायटर माहिती उतरवतो, खोबणीचा आकार नाही. त्यामुळे नकललेली डिस्क यंत्र नाकारी. यावरचा तोडगा म्हणजे मॉडचिप. काही रुपयांचा एक मायक्रोकंट्रोलर मदरबोर्डवर डाग देऊन बसवायचा. यंत्र खूण शोधू लागलं की चिप ती खूण स्वतःच ऐकवी. मुंबईत लॅमिंग्टन रोडवर, म्हणजे डॉ. दादासाहेब भडकमकर मार्गावर, 'चिप मारलेला' कन्सोल मागितला की काय हवंय ते दुकानदाराला लगेच कळे.

प्लेस्टेशन टू ४ मार्च २००० रोजी आला आणि पुढं त्याची सुमारे १६ कोटी यंत्रं विकली गेली. एवढा खप कुठल्याच घरगुती कन्सोलला आजवर मिळालेला नाही. यालाही चिपा निघाल्या, पण त्या बसवायला वीसेक बारीक तारा जोडाव्या लागत आणि ते काम सराईत हाताचंच होतं. चिप बसली तरी एक दुखणं राहिलं. स्वस्त कोऱ्या डीव्हीडी वाचताना लेझर अडखळे. तासाच्या हिशोबानं खेळायला देणाऱ्या पार्लरांत यंत्र दिवसभर चालू, धूळ भरपूर, डिस्कवर ओरखडे. आधी लेझर जाई, यंत्र धडधाकट राही. 'हिअर कम्स द पेन'मधली कुस्ती ऐन रंगात असताना पडदा गोठला की पोट्टे डिस्क बाहेर काढून सदऱ्याला पुसत.

या दुखण्यातूनच लेझरला वगळायचा विचार पुढं आला. सुरुवातीच्या जाड प्लेस्टेशन टूच्या मागं हार्डडिस्कसाठी जागा होती. २००४च्या सुमारास 'एचडी लोडर' नावाचा प्रोग्रॅम आला. तो खेळ हार्डडिस्कवर चढवून तिथूनच चालवी. पण त्याच वर्षी सोनीनं यंत्र बारीक केलं आणि स्लिम प्लेस्टेशन टूमधून ती जागाच काढून टाकली. वाट सापडली तोच बंद झाली.

मग नजर गेली ८ मेगाबाइटच्या मेमरी कार्डाकडे. खेळ कुठवर आला ते साठवण्यापुरतंच ते कार्ड होतं. त्यातली पहिली फट २००३मध्येच सापडली होती : जुन्या प्लेस्टेशनचा खेळ लावल्यावर यंत्र कार्डावरची एक फाइल वाचतं, ती फाइल नेमकी बिघडवून ठेवली तर यंत्राकडून दुसराच प्रोग्रॅम चालवून घेता येतो. तरी त्यासाठी एक मूळ डिस्क हाताशी लागेच. २००८मध्ये 'फ्री मॅकबूट' आला आणि तीही अट गेली. प्लेस्टेशन टू सुरू होताना कार्डावर सोनीनं दिलेली सुधारित प्रणाली आहे का, हे आधी बघतो. फ्री मॅकबूट त्याच जागी जाऊन बसतो. डाग देणं नाही, यंत्र उघडणं नाही. त्यात एका तयार कार्डावरून दुसरं कार्ड बनवता येई. शेजारच्या घरातून विरजण आणावं तसं मित्राचं कार्ड संध्याकाळपुरतं आणलं की आपलंही लागलं. लॅमिंग्टन रोडचं काम तालुक्याच्या गावात आलं ते या कार्डामुळे.

दुसऱ्याच वर्षी, २००९मध्ये, 'ओपन पीएस टू लोडर' आला. त्याला सगळे ओपीएल म्हणतात. यूएसबी, हार्डडिस्क किंवा नेटवर्कवरून जोडलेला संगणक, यांतल्या कुठूनही तो खेळ चालवतो. स्लिमवाल्यांना यूएसबी सोपं. त्याचे नियम मात्र कडक होते. पेनड्राइव्ह फॅट ३२ पद्धतीनं फॉरमॅट केलेला हवा आणि त्या पद्धतीत ४ जीबीपेक्षा मोठी फाइल मावत नाही. पूर्ण भरलेली डीव्हीडी ४.७ जीबीची. म्हणून मोठ्या खेळाचे एकेक जीबीचे तुकडे करून ठेवायचे आणि त्यांची नोंद एका छोट्या फाइलमध्ये करायची. हे काम संगणकावरचा 'यूएसबी यूटिल' हा प्रोग्रॅम करी. लहान खेळ सीडी किंवा डीव्हीडी नावाच्या फोल्डरमध्ये अखंड ठेवता येत. शिवाय फाइल पेनड्राइव्हवर सलग बसलेली हवी. मधले खेळ पुसून तिथं नवे कोंबले की फाइल विखुरते आणि ओपीएल ती चालवायला नकार देई. म्हणून जाणता माणूस पेनड्राइव्ह आधी कोरा करी आणि सगळे खेळ एका दमात चढवी.

एवढं करूनही एक उणीव राहिली. प्लेस्टेशन टूचं यूएसबी जुन्या १.१ जातीचं, त्यातून सेकंदाला जास्तीत जास्त दीड मेगाबाइट जाणार. त्याच्या डीव्हीडी ड्राइव्हचा वेग याच्या तिपटीहून अधिक. म्हणून खेळ बरा चालतो आणि मधली चित्रफीत मात्र अडखळत जाते. पेनड्राइव्ह महागातला घेऊन यात काही फरक पडत नाही, कारण अरुंदपणा यंत्राच्या बाजूला आहे. अलीकडे मेमरी कार्डाच्या दुसऱ्या खाचेत मायक्रोएसडी बसवायचं छोटं अ‍ॅडाप्टर मिळतं, आणि ओपीएलच्या नव्या आवृत्त्यांनी चार जीबीची आणि सलग फाइलीची अटही सैल केली आहे.

खेळ डाउनलोड करणं हा आमच्या भागात वेगळाच हिशोब होता. बीएसएनएलची ब्रॉडबँड सेवा जानेवारी २००५मध्ये सुरू झाली, वेग २५६ केबीपीएस. त्या वेगानं एक भरलेली डीव्हीडी उतरवायला अखंड ४१ तास लागतात. काही योजनांत रात्री २ ते सकाळी ८ डाउनलोड फुकट असे. म्हणजे एका खेळाला सात रात्री, आणि त्याही वीज टिकली तर. भारनियमनाच्या त्या वर्षांत ती टिकत नसे. मेमरी कार्डावर लिहिणं चालू असताना वीज गेली तर कार्ड बिघडे आणि आधीचे सगळे सेव्हही जात. मेहकरला रेल्वे नाही. गावात खेळ आले ते एसटीनं, पुण्याला नाहीतर औरंगाबादला शिकायला गेलेल्या मुलांच्या हार्डडिस्कमधून. डाउनलोड शहरात होई, भरणं गावात. सप्टेंबर २०१६मध्ये जिओ आलं आणि ही साखळी तुटली. तोवर प्लेस्टेशन टू जुना झाला होता. जानेवारी २०१३मध्येच त्याचं उत्पादन थांबल्याचं जाहीर झालं होतं.

कायद्याचं म्हणणं स्पष्ट आहे. १९५७च्या कॉपीराइट कायद्यातल्या कलम ५२नुसार, ज्याच्याकडे संगणक प्रोग्रॅमची प्रत रीतसर आली आहे त्याला ती हरवण्या-बिघडण्यापासून जपण्यासाठी राखीव नक्कल करता येते. २०१२च्या दुरुस्तीनं कलम ६५-अ आणलं : हक्कभंग करण्याच्या हेतूनं संरक्षणाचं कुलूप तोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. हेतू महत्त्वाचा. आपल्या कपाटातल्या डिस्कची प्रत वेगळी आणि पन्नास खेळ भरून देण्याचे पैसे घेणं वेगळं. दुसऱ्या प्रकाराला चोरीच म्हणावं लागेल, आणि तिचा फटका आपल्याच माणसांनाही बसला. मुंबईच्या ट्राइन गेम्सनं २०१०मध्ये प्लेस्टेशन टूसाठी 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' काढला, तेव्हा त्याला टक्कर होती ती पेनड्राइव्हवर फुकटात येणाऱ्या परदेशी खेळांशी.

आज अडचण पुन्हा बदलली आहे. पैसे मोजायची तयारी असली तरी यातले बहुतेक खेळ विकत मिळत नाहीत. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं २०२३मध्ये पाहणी केली, तेव्हा २०१०पूर्वी तिथं निघालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात उपलब्ध नसल्याचं आढळलं. डिस्कवर ओरखडे वाढत चालले आहेत, लेझर थकले आहेत. नकलेच्या धंद्यात वाढलेली ही खटपट आता जतनाच्या कामी येते आहे.

तेव्हा ज्यांच्या घरी प्लेस्टेशन टूच्या मूळ डिस्क पडून आहेत त्यांनी एवढं करावं. या डिस्क संगणकाच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचल्या जातात. प्रत्येकीची आयएसओ फाइल करून ठेवा, दोन ठिकाणी ठेवा आणि मूळ डिस्क टाकून देऊ नका. ती प्रत तुमची असल्याचा पुरावा तीच आहे. बहुतेक नवीन लॅपटॉपमध्ये डीव्हीडी ड्राइव्ह येणं बंद झालं आहे, म्हणून हे काम पुढच्या दिवाळीवर ढकलू नका.