शिवेची साक्ष आणि न्यायालयाची मोजणी

बांधाच्या हातभर मातीपायीं सख्खे भाऊ कज्जे करीत म्हातारे होतात, ही गोष्ट आपल्या देशांत नवी नाहीं. मनुस्मृतींत व्यवहाराचीं जीं अठरा पदें सांगितलीं आहेत, त्यांत सीमाविवाद हें एक स्वतंत्र पद आहे. शिवेवर वड, पिंपळ, पळस असे वृक्ष लावावे, आणि जमिनींत दगड, हाडें, राख, खापरें, कोळसे अशा गुप्त खुणा पुरून ठेवाव्या, असें तेथें म्हटलें आहे. खुणांनीं निर्णय न लागल्यास साक्षीदारांनीं तांबडीं वस्त्रें व माळा धारण करून, डोक्यावर माती घेऊन, आपापल्या पुण्याची शपथ वाहून शीव दाखवावी. मराठेशाहींतही गोतसभा बसे, आसपासच्या गांवचे जाणते लोक साक्षी देत आणि निवाड्याचा महजर लिहिला जाई. तात्पर्य, शीव ही तेव्हां माणसांच्या स्मरणांत होती.

ती कागदावर आली इंग्रजी अमदानींत. पुणें जिल्ह्यांत १८२७ सालीं प्रिंगलसाहेबांनीं सुरू केलेली पाहणी फसली. पुढें १८३५-३६ च्या सुमारास गोल्डस्मिड व विंगेट यांनीं इंदापुरास नव्यानें काम आरंभिलें, आणि १८४७ च्या संयुक्त अहवालानें त्या पद्धतीस कायम रूप आलें. त्यांची साखळी ३३ फुटांची, तिचे १६ आणे. एक साखळी लांब व एक साखळी रुंद म्हणजे एक गुंठा, आणि ४० गुंठ्यांचा एक एकर, हें गणित शाळेंतील मुलांच्या अनेक पिढ्यांनीं सोडविलें आहे. परंतु एक गोष्ट लक्षांत ठेवावी. ही मोजणी सरकारी सारा बसविण्याकरितां झाली. खरा मालक कोण, याचा निवाडा करण्याकरितां नव्हे.

हेच कागद पुढें न्यायालयांत पुरावा म्हणून येऊं लागले. १९०८ च्या दिवाणी व्यवहार संहितेंतील २६ व्या आदेशाच्या ९ व्या नियमान्वयें न्यायालय जागेच्या तपासासाठीं कमिशनर नेमूं शकतें. आपल्याकडे जमिनीच्या वादांत हें काम बहुधा भूमि अभिलेख खात्याच्या मोजणीदाराकडे येतें. वादी, प्रतिवादी व लगतचे कब्जेदार यांस नोटिसा जातात. जुनें टिपण व नकाशा यांच्या आधारें हद्दी लावल्या जातात. आणि अतिक्रमण असल्यास तें नकाशांत दाखविलें जातें. कमिशनरचा अहवाल १० व्या नियमाप्रमाणें पुराव्यांत मोडतो. मात्र तो निकाल नव्हे. ज्यास तो मान्य नसेल त्यास न्यायालयाच्या परवानगीनें कमिशनरची उलटतपासणी करतां येते.

येथेंच पुष्कळ पक्षकारांची गल्लत होते. हद्द कोठें आहे, मालकी कोणाची, आणि आज कब्जा कोणाचा, हे तीन निरनिराळे प्रश्न आहेत. मोजणी पहिल्याचें उत्तर देते. दुसऱ्यास खरेदीखतें व वांटणीपत्रें लागतात. तिसऱ्यास वहिवाटीचा पुरावा लागतो. नुसता कब्जा कोणाचा हें पाहण्यासाठीं कमिशनर नेमणें म्हणजे एका पक्षाकरितां न्यायालयानें पुरावा गोळा करणें होय, असें वरिष्ठ न्यायालयांनीं वेळोवेळीं बजावलें आहे.

कब्जाला कायदा किती मान देतो तें पाहा. खाजगी व्यक्तीनें कोणास बेकायदा हुसकावून लावल्यास, सहा महिन्यांच्या आंत दावा केल्यावर, मालकीचा प्रश्न न काढतां कब्जा परत मिळूं शकतो. १८७७ च्या विशिष्ट सहाय्य कायद्याचें ९ वें कलम असेंच होतें. १९६३ च्या कायद्यांत तें ६ वें झालें. उलट, दुसऱ्यानें हक्क सांगून, उघडपणें व अखंड बारा वर्षें जमीन भोगली, तर मूळ मालकाचा दावाच मुदतबाह्य ठरण्याचा धोका असतो. मग मोजणी कितीही बिनचूक असो, ती उशिरा आली म्हणजे तिचा उपयोग होत नाहीं.

म्हणून शहरांत राहणाऱ्या ज्या कुटुंबांची वडिलोपार्जित जमीन गांवीं आहे, त्यांना माझी विनंति आहे. भांडण नसतांना मोजणी करून घ्यावी, हद्दीचे दगड शेजाऱ्याच्या समक्ष रोवावे, आणि नकाशाची प्रत मुलांच्या हातीं द्यावी. डोक्यावर माती घेऊन शीव दाखविणारे साक्षीदार आतां राहिले नाहींत. परंतु शेजाऱ्याच्या समक्ष व संमतीनें रोवलेला दगड अजूनही पुष्कळ कज्जे टाळतो.