लेनापींचे महागृह

लेनापी ऊर्फ डेलावेअर हे उत्तर अमेरिकेतील मूलनिवासी लोक. डेलावेअर नदीचे खोरे ही त्यांची मूळ भूमी. वसाहतींच्या रेट्याने पश्चिमेकडे सरकत त्यांचा एक मोठा गट अखेर आजच्या ओक्लाहोमा राज्यात स्थिरावला.

सृष्टिकर्ता किशेलेमुकाँग बाराव्या स्वर्गात वास करतो आणि त्याने नेमलेली दैवते सृष्टीचा कारभार पाहतात, अशी त्यांची श्रद्धा. वयात येणारा मुलगा रानात एकांतात उपवास करी. तेथे लाभलेला दृष्टान्त त्याचा जन्मभराचा आधार ठरे.

शरद ऋतूतील ‘गामविंग’ हा बारा रात्रींचा सोहळा सर्वांत मोठा. पूर्व-पश्चिम दारे असलेल्या लाकडी महागृहातील खांबांवर बारा चेहरे कोरलेले असत. त्यांचा अर्धा भाग लाल, अर्धा काळा. दृष्टान्त लाभलेली व्यक्ती कासवाच्या कवचाचा खुळखुळा हलवीत तो गाऊन सांगे. इतर लोक तिच्या मागोमाग नाचत.

दृष्टान्त हाच या विधीचा प्राण असल्याने, तो लाभलेली माणसे विरळ होताच विधीही क्षीण झाला. संपूर्ण स्वरूपातील अखेरचा सोहळा १९२४ मध्ये ओक्लाहोमातील कोपान गावाजवळ झाला. पुढे नोरा थॉम्प्सन डीन (१९०७–१९८४) यांनी लेनापी भाषा व परंपरेचे ज्ञान अभ्यासकांना आणि नव्या पिढीला दिले.