भांडवलाच्या दारी



बेळगावहून वेंगुर्ल्याच्या रस्त्याने निघाले म्हणजे कॅम्प मागे पडल्यावर हिंडलगा लागते. हिंडलग्याचे नाव काढले की बहुतेकांना तिथला तुरुंग आठवतो. कारण या गावाची कीर्ती दूरवर गेली ती त्या तुरुंगामुळे. परंतु मी आज ज्यांच्याविषयी बोलणार आहे ते बंदिवान नव्हेत. ज्यांच्या हाती कसब आहे, डोक्यात कल्पना आहे, परंतु गाठीला पैसा नाही आणि म्हणून ज्यांना दुसऱ्याच्या दारी जाऊन भांडवल मागावे लागते, अशा माणसांचा हा विषय आहे. हिंडलग्याच्या आसमंतातील तरुणांना आज हा प्रश्न पडतो, आणि सव्वाशे वर्षांपूर्वी याच बेळगावात एका कर्तबगार गृहस्थालाही तो पडला होता.

अलीकडे अशा उद्योगाला ‘स्टार्टअप’ म्हणतात, आणि भांडवलवाल्यासमोर आपली योजना मांडण्याला ‘पिच’ म्हणतात. केंद्र सरकारने १६ जानेवारी २०१६ रोजी ‘स्टार्टअप इंडिया’ योजना सुरू केल्यापासून हे शब्द तालुक्याच्या गावापर्यंत पोचले आहेत. दहा-बारा चित्रफलक तयार करावेत, ते पडद्यावर दाखवावेत, पंधरा-वीस मिनिटे बोलावे आणि मग प्रश्नांना उत्तरे द्यावीत, असा त्याचा रिवाज आहे. ही रीत नवी खरी. परंतु तिच्या मुळाशी असलेला व्यवहार फार जुना आहे. एकाजवळ पैसा आहे आणि दुसऱ्याजवळ भविष्याचे चित्र आहे. ते चित्र पहिल्याला खरे वाटले, तरच पैसा हलतो. ते खरे कशाने वाटते, हे पाहण्यासाठी आपण इतिहासाकडे वळू.

लक्ष्मणराव किर्लोस्कर यांचा जन्म २० जून १८६९ रोजी बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूर येथे झाला. त्यांना चित्रकार व्हावयाचे होते. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत ते शिकावयास गेले. परंतु सर्व रंग आपल्याला नीट ओळखता येत नाहीत असे ध्यानात आल्यावर त्यांनी रंग सोडले आणि यांत्रिक रेखाटन धरले. पुढे व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये ते तोच विषय शिकवू लागले. नोकरी चालू असतानाच ते मुंबईहून सायकली घेऊन बेळगावला पाठवीत आणि त्यांचे बंधू रामुअण्णा त्या विकीत. गिऱ्हाइकाला सायकल विकून हे बंधू थांबत नसत. ती चालवावयासही शिकवीत. बढतीच्या वेळी आपल्याला डावलले गेले असे पाहून लक्ष्मणरावांनी राजीनामा दिला आणि ते बेळगावला परतले. शहरातील किर्लोस्कर रोड हे नाव त्या काळाची आठवण आजही सांगते.

बेळगावात त्यांनी कडबा कापण्याची यंत्रे केली आणि त्यानंतर लोखंडी नांगर केला. आता या नांगराची गोष्ट पाहा. नांगर चांगला होता, परंतु तो कोणी घेईना. लोखंडाने जमिनीला विष चढते, अशी शेतकऱ्यांची समजूत होती. आपल्याकडच्या अडाणीपणाला यासाठी हसण्याचे कारण नाही. अमेरिकेत चार्ल्स न्यूबोल्ड यांनी १७९७ मध्ये ओतीव लोखंडाच्या नांगराचे पेटंट घेतले, तेव्हा तिथल्या शेतकऱ्यांनीही हाच आक्षेप घेतल्याचे सांगतात. पिढ्यान्‌पिढ्या लाकडी नांगरावर ज्याचे पोट भरले, त्याला नव्या वस्तूचा भरवसा शब्दांनी येत नाही. लक्ष्मणरावांचे पहिले नांगर खपावयास सुमारे दोन वर्षे लागली.

व्यवसायाच्या हिशेबाने ही दोन वर्षे तोट्याची झाली, यात शंका नाही. परंतु भांडवल मागण्याच्या दृष्टीने पाहिले तर त्यांच्याइतकी कमाई दुसऱ्या कशाने झाली नसती. या काळात लक्ष्मणरावांना आपले गिऱ्हाईक कोण, ते का घेत नाही आणि काय पाहिल्यावर घेते, हे अनुभवाने कळले. आज गुंतवणूकदार पहिला प्रश्न हाच विचारतो: तुमची वस्तू कोणाला हवी आहे, आणि त्याला ती हवी आहे हे तुम्हाला कशावरून कळले? ‘देशात इतके कोटी शेतकरी आहेत, त्यांतील शंभरातल्या एकाने घेतली तरी पुरे’ हे उत्तर कागदावर शोभून दिसते. परंतु त्याला वजन नसते. ‘अमुक गावच्या दहा शेतकऱ्यांनी घेतली, त्यांतील तिघांनी परत आणली, ती या कारणाने, आणि ते कारण आम्ही असे दूर केले’ हे उत्तर लहान असले तरी त्याला जमिनीचा आधार असतो.

पुढे बेळगावच्या नगरपालिकेला शहराच्या वाढीसाठी जागा हवी झाली आणि कारखाना हलविणे भाग पडले. आता गिऱ्हाईक मिळू लागले होते, परंतु पायाखालची जमीन गेली. अशा वेळी औंधचे अधिपती भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी लक्ष्मणरावांच्या साहाय्यास आले. बाळासाहेब १९०९ मध्ये गादीवर आले होते. ते स्वतः चित्रकार होते आणि गुणी माणसाची त्यांना पारख होती. त्यांनी कुंडल रोड स्टेशनजवळची सुमारे ३२ एकर जमीन दिली आणि कर्जाचीही सोय केली. निवडुंग माजलेल्या त्या माळरानावर १९१० च्या मार्चमध्ये किर्लोस्करवाडीची सुरुवात झाली. पुढे त्या स्टेशनचे नावही किर्लोस्करवाडी झाले.

एका संस्थानिकाने उदार होऊन दान दिले, असे म्हणून आपण ही गोष्ट सोडून देतो. मला ते पुरेसे वाटत नाही. उदार संस्थानिक त्या काळी आणखीही होते आणि हात पसरणारेही पुष्कळ होते. लक्ष्मणरावांनाच जमीन का मिळाली? याचे कारण असे की, कारखान्यासाठी मागणे करण्यापूर्वीच औंधात त्यांच्याकडे बांधकामाचे काम आलेले होते. हाती घेतलेले काम हा गृहस्थ कसे करतो, हिशेब कसा ठेवतो, अडचण आली तर काय करतो, हे दरबाराने डोळ्यांनी पाहिले होते. मागणी शब्दांनी केली जाते हे खरे. पण ती मान्य होते ती आधी पाहिलेल्या कामावर. आजचे भांडवलवालेही ‘आम्ही कल्पनेत नव्हे, माणसांत पैसा घालतो’ असे सांगतात, त्याचा अर्थ हाच आहे. म्हणून पैसा लागण्याच्या आधी दोन वर्षे ओळख असावी. पैसा लागेल त्या दिवशी पहिली ओळख करून घेऊ नये.

आणखी एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. ‘मला मोठा कारखाना काढावयाचा आहे, मदत करा’ ही मागणी अस्पष्ट असते. ‘मला इतकी जागा हवी, ती रेल्वेजवळ हवी, कारण लोखंड आणि कोळसा येणार रेल्वेने आणि नांगर जाणार रेल्वेने’ ही मागणी स्पष्ट होते. कुंडल रोडचे माळरान शेतीला निरुपयोगी होते. पण स्टेशनाला लागून होते, हाच त्याचा गुण. कोणती उणीव चालेल आणि कोणती चालणार नाही, हे मागणाऱ्याला कळले पाहिजे. आजच्या चित्रफलकांपैकी शेवटच्या फलकावर मागणीचा आकडा असतो. त्या आकड्याखाली तो पैसा कशावर, किती महिन्यांत खर्च होणार आणि त्यानंतर उद्योग कोणत्या टप्प्यावर उभा असेल, हे लिहिलेले नसेल, तर तो आकडा नसून इच्छा आहे.

लक्ष्मणरावांच्या सोबतची माणसेही पाहा. रामुअण्णा व्यवहार पाहत, मंगेशराव रेगे कचेरी सांभाळीत, शंभूराव जांभेकर यंत्रांची बाजू बघत. शिक्षा भोगून आलेल्या माणसांना त्यांनी राखणदार नेमले आणि त्या माणसांनी विश्वास राखला. ज्याच्याबरोबर चार शहाणी माणसे हालअपेष्टा सोसून ओसाड माळावर राहावयास तयार होतात, त्याच्या शब्दाला आपोआप किंमत येते. सर्व गुण माझ्याच अंगी आहेत असे दाखविणारा माणूस भांडवलवाल्याला भिववितो. जे मला येत नाही ते येणारा माणूस माझ्याजवळ आहे, असे म्हणणारा त्याला धीर देतो.

पहिल्या महायुद्धात परदेशी लोखंडाची टंचाई झाली. तेव्हा कोल्हापूरच्या शाहू महाराजांनी जुन्या तोफा वितळविण्यासाठी दिल्या आणि त्या लोखंडाचे नांगर झाले. दहा वर्षांपूर्वी ज्याचा नांगर कोणी फुकटही घेतला नसता, त्याला आता किल्ल्यावरच्या तोफा मिळाल्या. पहिल्याच्या विश्वासावर दुसऱ्याचा विश्वास चढतो, हा भांडवलाचा स्वभाव आहे. १९२० मध्ये ‘किर्लोस्कर ब्रदर्स’ ही मर्यादित कंपनी झाली. एका दरबाराच्या ऐवजी पुष्कळ भागधारकांपुढे जाण्याची वेळ आली, ती दहा वर्षांचे काम पाठीशी घेऊन.

परंतु ज्याला राजाचा दरबार जवळचा नाही, त्याने काय करावे? याचेही उत्तर त्याच काळात मिळते. अंताजी दामोदर काळे यांनी पैसा फंडाची कल्पना काढली. प्रत्येकाने वर्षाला एक पैसा द्यावा आणि त्यातून देशी उद्योग उभा राहावा, अशी ती योजना होती. लोकमान्य टिळकांचा तिला पाठिंबा मिळाला आणि १९०८ मध्ये तळेगावला काचेचा कारखाना सुरू झाला. तिकडे टाटांच्या पोलाद कारखान्यासाठी लंडनच्या पेढ्या कां-कू करू लागल्या, तेव्हा १९०७ मध्ये भाग हिंदुस्थानातच विक्रीला काढले. तीन आठवड्यांत सुमारे ८,००० हिंदी माणसांनी १६,३०,००० पौंडांचे संपूर्ण भांडवल भरले. लंडनच्या पेढीला जो प्रश्न नफ्याचा वाटला, तो इथल्या माणसाला नफ्याचाही वाटला आणि स्वदेशीचाही वाटला. योजना एकच, ऐकणारा बदलला आणि उत्तर बदलले. तेव्हा नकार मिळाला म्हणजे योजना वाईट, असे नेहमीच नसते. कधी कधी दार चुकलेले असते.

येथे एका सावधगिरीची जरुरी आहे. यशस्वी झालेल्यांचा इतिहास लिहिला जातो. दारोदार हिंडून रिकाम्या हाताने परतलेल्यांची नावे कोणी टिपून ठेवीत नाही. शिवाय औंधच्या दरबाराचे साहाय्य आणि आजच्या गुंतवणूकदाराचा पैसा यांत मोठा फरक आहे. कर्ज फेडले की कर्जदार मोकळा होतो. भाग विकला की विकत घेणारा घरात येतो. त्याला पाच-सात वर्षांत आपला पैसा कित्येक पटींनी वाढून हवा असतो, आणि ते नाही जमले तर तो कारखाना विकावयासही सांगेल. नांगराला दोन वर्षे गिऱ्हाईक नव्हते, तेव्हा असा भागीदार घरात असता तर त्याने कदाचित नांगर बंद करून सायकलीच विकावयास सांगितले असते. म्हणून भांडवल मागणाऱ्याने जसे आपले बोलणे तयार करावे, तसे देणाऱ्यालाही प्रश्न विचारावेत: तुम्ही किती वर्षे थांबाल? मंदी आली तर काय कराल?

आपल्या सीमाभागातील तरुणांची एक खंत मला माहीत आहे. उद्यमबागेच्या फाउंड्र्यांत हात काळे करून जो शिकला, त्याला लोखंड कळते. परंतु बंगळूर किंवा पुण्याच्या वातानुकूलित खोलीत गुळगुळीत इंग्रजीत बोलणे त्याला जमत नाही, आणि ज्याला बोलणे जमते तो पैसा घेऊन जातो. ही तक्रार खोटी नाही. भाषेचा सराव अवश्य करावा. परंतु उसन्या भाषेच्या मागे आपले ज्ञान लपवू नये. साधी, लहान, खरी वाक्ये कोणत्याही भाषेत उभी राहतात. वस्तू बरोबर न्यावी आणि ती चालवून दाखवावी. विक्रीचे आकडे थोडे असले तरी खरे सांगावेत. जे अजून जमले नाही ते विचारण्यापूर्वीच आपण सांगावे. कारण विचारल्यावर सांगितलेली उणीव दोष ठरते, आणि आधी सांगितलेली उणीव प्रामाणिकपणाचे प्रमाण ठरते.

लक्ष्मणराव किर्लोस्कर २६ सप्टेंबर १९५६ रोजी निवर्तले. त्याच वर्षाच्या १ नोव्हेंबरला राज्यांची पुनर्रचना झाली आणि त्यांच्या उद्योगाचे जन्मस्थान असलेले बेळगाव दुसऱ्या राज्यात गेले. नकाशावरच्या रेषा बदलल्या. पण ज्या वस्तूवर दोन वर्षे कोणाचा विश्वास बसला नाही, तिच्यावर स्वतःचा विश्वास टिकवून तो दुसऱ्याच्या मनात उतरविण्याची जी विद्या या मातीत एकदा दिसली, ती कोणत्याही सीमेने अडत नाही. आजचे चित्रफलक चांगले असावेत, रेखीव असावेत. मात्र ते उघडण्यापूर्वी आपला नांगर एखाद्या शेतात चालून आला आहे की नाही, एवढे प्रत्येकाने स्वतःला विचारावे. तो चालून आलेला असेल, तर बोलावयाचे पुष्कळसे काम त्या नांगराच्या तासानेच केलेले असते.