करामत उघडी ठेवणारे फाळके

दादासाहेब फाळक्यांच्या मूकपटांतले आज हाती लागते ते थोडेच. ‘राजा हरिश्चंद्र’ची दोन रिळे आहेत, तीही १९१३च्या मूळ चित्रपटाची नसून १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची असावीत, असे काही अभ्यासक मानतात. ‘लंकादहन’ आणि ‘श्रीकृष्णजन्म’ यांचे तुकडे आहेत. ‘कालियामर्दन’ (१९१९) मात्र बऱ्याच अंशी सलग पाहता येतो. जोडीला कागद आहेत: ‘नवयुग’ मासिकातली १९१७-१८ची लेखमाला आणि १९२७-२८च्या सिनेमॅटोग्राफ चौकशी समितीपुढचे त्यांचे निवेदन.

ही रिळे आणि हे कागद शेजारी ठेवले की एक गोष्ट ठसठशीत दिसते. फाळक्यांना आपली करामत लपवायची नव्हतीच.

त्र्यंबकेश्वरात १८७० साली जन्मलेला हा माणूस छपाई, फोटोग्राफी, जादूचे प्रयोग असे सगळे करून चित्रपटाकडे वळला. पहिल्या मोठ्या चित्रपटाआधी त्याने वाटाण्याच्या रोपाची वाढ चित्रित केली होती. १९१३ मध्ये मुंबईहून नाशिकला बिऱ्हाड हलवल्यावर घर आणि कारखाना एकच झाले. पत्नी सरस्वतीबाई फिल्मला भोके पाडत, ती धूत आणि मंडळींचा स्वयंपाकही सांभाळत. ‘चित्रपट कसे तयार करतात’ या छोट्या पटात खुद्द फाळके नटांना शिकवताना दिसतात. पुराणातला चमत्कार दाखवणाऱ्याने तो कसा घडवला हेही प्रेक्षकांपुढे मांडावे, याचे मोल मला फार मोठे वाटते.

‘कालियामर्दन’ची सुरुवात तर नीट थांबून पाहावी. पडद्यावर सुमारे सात वर्षांच्या मंदाकिनीचा, फाळक्यांच्या मुलीचा, चेहरा दिसतो. एकामागून एक भाव त्यावरून सरकतात. मग त्याच चेहऱ्यात श्रीकृष्ण विरघळून येतो. आधी मुलगी, मग देव. पुढे डोहातली झुंज आणि काठावर जीव मुठीत धरून उभे गोकुळ आलटून पालटून येते, तेव्हा आपण मंदाकिनीला विसरलेलो असतो. ट्रिक सांगूनही भक्ती उणावत नाही, ही फाळक्यांची खात्री होती आणि ती खरी ठरली.

१९१८ मध्ये भागीदारांसह नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. पैसा आला, आणि त्यामागून हिशेब आले. खटके उडाले, फाळके काशीला निघून गेले, तिथे ‘रंगभूमी’ नाटक लिहिले. पुढे ते त्याच कंपनीत परतले, पण पगारावर. चौकशी समितीला त्यांनी सांगितले की आरंभी या धंद्याची माहिती देशात कुणालाच नव्हती. कथा, अभिनयाचे शिक्षण, छायाचित्रण, पडद्यावर चित्र दाखवणे, सारे त्यांना एकट्यालाच करावे लागले. उरलेल्या रिळांशी हे विधान तंतोतंत जुळते. प्रत्येक चौकटीला त्या एकाच हाताचा स्पर्श आहे.