शकुंतलेची आंगठी

कथा सुरू कशी होते व पुढें चालत कशी राहते, याचें उत्तर पुष्कळदां एखाद्या लहानशा वस्तूंत सांपडतें. संस्कृत वाङ्मयांतील अशी वस्तु म्हटली म्हणजे शकुंतलेची आंगठी प्रथम डोळ्यांपुढें येते. परंतु या आंगठीनें कथेला काय दिलें व तिच्यापासून काय घेतलें, याचा हिशेब सहसा कोणी मांडीत नाहीं.

महाभारताच्या आदिपर्वांतील शकुंतलोपाख्यानांत आंगठीहि नाहीं आणि दुर्वासाचा शापहि नाहीं. शकुंतला मुलाला घेऊन राजसभेंत येते, तेव्हां दुष्यंताला सर्व आठवत असतें. लोक काय म्हणतील या भयानें तो ओळख नाकारतो. तेथें कथेला पुढें नेतें तें शकुंतलेचें निर्भय भाषण; निवाडा करते ती आकाशवाणी.

पालींतील कट्ठहारि-जातकांत आंगठी आहे. वाराणसीचा राजा ब्रह्मदत्त वनांत भेटलेल्या स्त्रीला ती देऊन सांगतो कीं, मुलगी झाल्यास ही विकून तिचें पोषण कर, मुलगा झाल्यास हिच्यासह त्याला घेऊन ये. ती येते, पण भरसभेंत लाजलेला राजा आंगठीहि आपली नव्हे म्हणतो! खूण आहे, पण खुणेंत बळ नाहीं. शेवटीं चमत्कारच लागतो.

हें बळ कालिदासानें शापाची जोड देऊन आणिलें. चौथ्या अंकांत शाप व खूण दाखवितांच त्याचा अंत होईल असा उःशाप. शचीतीर्थांत आंगठी गळालेली, म्हणून पांचव्यांत अव्हेर. ती माशाच्या पोटांतून कोळ्याच्या हातीं येते, म्हणून सहाव्यांत स्मरण. पण स्मरण होतें तेव्हां शकुंतला तेथें नसते. आंगठी आली आणि कथा संपली, असें न होतां आंगठी येतांच राजाचें दुःख सुरू होतें. हें कौशल्य खरोखर अपूर्व होय.

मात्र त्याची किंमत पडली. व्यासांचा राजा जाणूनबुजून खोटें बोलतो. कालिदासाचा राजा शापामुळें विसरतो. अपराध माणसाचा होता तो ऋषीच्या कोपावर व एका आंगठीवर गेला. १८८० सालीं अण्णासाहेब किर्लोस्करांनीं ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणिलें, तें कालिदासाचेंच. आमच्या घरांतून हीच कथा परिचयाची झाली, आणि जिनें राजाला सत्याचे धडे दिले ती मानी शकुंतला पोथींतच राहिली.

कालिदासाला हें उमगलें नसेल असें मात्र आम्हांस वाटत नाहीं. सातव्या अंकांत राजा तीच आंगठी पुढें करतो, तेव्हां शकुंतला ती घेत नाहीं. तिचा आतां विश्वास वाटत नाहीं, असें म्हणून ती राजालाच बाळगावयास सांगते. साऱ्या नाटकाला हलविणारी वस्तु नायिकेनें अशी शांतपणें परत करावी, यांत व्यासांच्या शकुंतलेचाच आवाज आम्हांस ऐकूं येतो. मुलामुलींच्या हातीं ‘शाकुंतल’ देतांना आदिपर्वहि त्याच्या शेजारीं ठेवावें, तें याकरितांच.