काळ्या कागदाची चित्रसृष्टी

चित्रपट हा भांडवलाचा आणि कारखान्याचा धंदा होय, हा समज १९२० नंतरच्या दशकात बर्लिनच्या उफा या चित्रपट कंपनीच्या अवाढव्य चित्रशाळा पाहणाऱ्या कोणालाही निर्विवाद वाटला असता. परंतु त्याच बर्लिनमध्ये १८९९ साली जन्मलेल्या लोटे रायनिगर यांनी १९१९ पासून सुमारे साठ वर्षे, बहुतांशी स्वतःच्या हिमतीवर, छायाचित्रपट निर्माण केले, आणि त्यासाठी लागणारा त्यांचा मुख्य सरंजाम एका मेजावर मावत असे.

काळा पुठ्ठा आणि शिशाचा पातळ पत्रा यांतून कात्रीने पात्रांचे अवयव कापावयाचे, ते सांध्यांवर तारेने जोडावयाचे, खालून उजेड सोडलेल्या काचेवर ती आकृती निजवावयाची, आणि वर बसविलेल्या कॅमेऱ्याने एक चित्र टिपले की हात वा मान केसभर सरकवून दुसरे टिपावयाचे, अशी ही पद्धत होती. अर्धपारदर्शक कागदाचे थर एकावर एक चढवून पार्श्वभूमी सजे. जेथे थर अधिक तेथे काळोख गडद.

पाउल वेगनर या नट-दिग्दर्शकाने १९१८ च्या आपल्या चित्रपटासाठी तरुण रायनिगरकडून छायाकृती कापून घेतल्या आणि पुढे तिचा परिचय हान्स क्यूर्लिस यांच्या संस्थेशी करून दिला. तेथेच तिचा पहिला लघुपट झाला आणि तेथेच कार्ल कोख हा आयुष्याचा व व्यवसायाचा जोडीदार लाभला. १९२३ साली जर्मन चलन मातीमोल होत असताना लुई हागेन या सावकाराने, पैशापेक्षा माल बरा या हिशेबाने, कोऱ्या फिल्मचा मोठा साठा खरीदला होता. त्यातून पूर्ण लांबीचा चित्रपट करावा, असे त्याने सुचविले आणि पॉट्सडॅम येथील आपल्या मोटारखान्यावरच्या माळ्यावर जागा दिली. कोख, वाल्टर रुटमान आणि बेर्टोल्ड बार्टोश यांच्या साह्याने तीन वर्षे खपून केलेला, अरबी कथांवर रचलेला ‘राजपुत्र आख्मेद’ १९२६ साली बर्लिनमध्ये प्रदर्शित झाला. आज उपलब्ध असलेल्या पूर्ण लांबीच्या ॲनिमेशन चित्रपटांत तो सर्वांत जुना. डिस्नेची ‘स्नो व्हाइट’ त्यानंतर अकरा वर्षांनी आली.

नाझी अंमल सुरू झाल्यावर हे डाव्या विचारांचे दांपत्य देश सोडून गेले. परंतु कायम वास्तव्याचा परवाना कोठेच न मिळाल्यामुळे त्यांना इंग्लंड, फ्रान्स आणि इटली यांच्या दरम्यान भटकावे लागले. युद्धाच्या ऐन धामधुमीत आजारी आईच्या शुश्रूषेसाठी रायनिगर बर्लिनला परतल्या, आणि तेथे सरकारी देखरेखीखाली काम करणे नशिबी आले. त्यांच्या कारकिर्दीतील खरी पराधीनता ती एवढीच. १९४९ साली दांपत्य लंडनला स्थायिक झाले. पुढे त्याच सावकाराच्या पुत्राने प्रिमरोज ही छोटी निर्मितिसंस्था काढली, आणि दूरदर्शनसाठी परीकथांची मालिका तयार झाली. त्यांतील शूर शिंप्याच्या कथेला १९५५ साली व्हेनिस येथे पारितोषिक मिळाले.

रायनिगर यांना आश्रयदाता लागला नाही, असे नव्हे. हागेन पितापुत्रांवाचून हा इतिहास घडला नसता. परंतु त्यांच्या गरजा इतक्या अल्प होत्या, की आश्रयदाता पुरे होई, मालकाची आवश्यकता पडत नसे. उफा १९३७ साली सरकारच्या ताब्यात गेली. रायनिगर मात्र, तो युद्धकाळ वगळता, १९८१ साली मृत्यू येईपर्यंत आपल्या कलेच्या स्वतःच धनी राहिल्या.