दिनविशेष : १२ डिसेंबर
१९३६ : प्रभात फिल्म कंपनीचा ‘संत तुकाराम’ मुंबईच्या सेंट्रल सिनेमात झळकला. दिग्दर्शन विष्णुपंत दामले व शेख फत्तेलाल यांचे, संगीत केशवराव भोळे यांचे. पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला.

फत्तेलाल मूळचे चित्रकार. त्यांनी पडद्यावर उभ्या केलेल्या देहूला भोळ्यांनी असा सूर दिला की, शांताराम आठवल्यांनी लिहिलेले ‘आधी बीज एकले’ आजही अनेकांना तुकोबांचाच अभंग वाटतो. संगीतकाराला (आणि गीतकारालाही!) याहून मोठी पावती कोणती? तुकोबा म्हटले की कित्येकांच्या डोळ्यांपुढे येतात ते या चित्रपटातले विष्णुपंत पागनीसच. चित्र आणि सूर इतके एकजीव असल्यावर मैंदर्गीसारख्या कानडी-मराठी गावातही हा सिनेमा कुणाला उलगडून सांगावा लागू नये.